दोन कात्र्यांमधला ‘शोले’ : संकलक एम. एस. शिंदे

#थ्रेड #चित्रपटइतिहास

१९७६ साली फिल्मफेअरच्या तेविसाव्या सोहळ्यात ‘शोले’ला नऊ नामांकने होती. सर्वोत्कृष्ट चित्रपट ठरला ‘दीवार’. दिग्दर्शनाचा पुरस्कार ‘दीवार’च्या यश चोप्रांना आणि सहायक अभिनेत्याचा ‘दीवार’च्याच शशी कपूरला मिळाला, गब्बर साकारणारा अमजद खान रिकाम्या हाताने परतला. पटकथेचा पुरस्कार सलीम-जावेद यांना मिळाला खरा, पण तोही ‘दीवार’साठीच. त्या वर्षी ‘शोले’च्या वाट्याला एकच पुरस्कार आला, तो संकलनाचा. घेणाऱ्याचे नाव एम. एस. शिंदे, म्हणजे माधव शिंदे.

पुढे २००५ मध्ये याच फिल्मफेअरने ‘शोले’ला पन्नास वर्षांतील सर्वोत्तम चित्रपट म्हणून गौरवले. तोवर गब्बर, ठाकूर, जय, वीरू आणि बसंती यांना ओळखत नाही असा माणूस भारतात शोधावा लागत होता. शिंदे यांना ओळखणारा माणूसही शोधावाच लागत होता, फक्त उलट अर्थाने.

हा धागा त्यांच्या कारकिर्दीविषयी आहे आणि तिच्याआड दडलेल्या एका जुन्या प्रश्नाविषयीही. पडद्यावर दिसणारा चित्रपट नेमका कोणी कापलेला असतो?

आधी थोडे मागे, कोल्हापुरात जाऊ. बाबूराव पेंटर यांनी नात्याने भाऊ लागणारे आनंदराव पेंटर यांच्यासह कॅमेरा घडवण्याचा ध्यास घेतला. आनंदराव १९१६ साली गेले. बाबूरावांनी तो कॅमेरा पूर्ण केला आणि महाराष्ट्र फिल्म कंपनी उभी केली. कंपनीचा ‘सैरंध्री’ १९२० च्या फेब्रुवारीत पुण्याच्या आर्यन थिएटरात लागला. त्यातला भीमाने केलेला कीचकवध इतका खरा वाटला की त्या प्रसंगावर सेन्सॉरची कात्री चालली. ब्रिटिश सरकारचा सिनेमॅटोग्राफ कायदा १९१८ चा आणि मुंबई, कलकत्ता, मद्रास, रंगून येथील परीक्षण मंडळे १९२० ची. म्हणजे मंडळाची कात्री आणि कोल्हापूरचा चित्रपट या दोघांचे वय जवळपास सारखेच.

नऊ वर्षांनी याच कंपनीतून बाहेर पडलेल्या मंडळींनी कोल्हापुरात ‘प्रभात’ काढली. तिच्या शिवचरित्रपर मूकपटाचे नाव ‘स्वराज्य तोरण’ असणार होते. ‘स्वराज्य’ हा शब्द सरकारला सोसणारा नव्हता. चित्रपट १९३० मध्ये ‘उदयकाल’ या नावाने आला. कीचकाच्या रक्तापेक्षा एका शब्दाची भीती मोठी होती, हे त्या काळाचे मोजमाप म्हणून ध्यानात ठेवावे.

त्या पिढीत संकलक हा वेगळा माणूस असतोच असे नव्हते. ज्याने चित्रण केले तोच संध्याकाळी कात्री घेऊन बसे. बोलपट आल्यावर हे चालेना. चित्राची पट्टी आणि ध्वनीची पट्टी यांची जुळणी राखणे हे स्वतंत्र कौशल्य झाले, आणि ‘प्रभात’सारख्या कंपन्यांत संकलनाचा स्वतंत्र विभाग उभा राहिला. ‘संत तुकाराम’चे संकलन ए. आर. शेख यांचे. कोल्हापूरचे अनंत माने याच विभागात तयार झाले आणि पुढे ‘सांगत्ये ऐका’चे दिग्दर्शक म्हणून घराघरांत पोहोचले. त्यांच्या तमाशापटांत लावणी आणि कथानक यांची जी सफाईदार सांधेजोड दिसते, तिचे मूळ संकलनाच्या टेबलावर आहे असे म्हणायला हरकत नाही.

मुंबईच्या हिंदी चित्रपटांची श्रेयनामावली नीट वाचली तर संकलनाच्या ओळीत मराठी नावे पुन्हा पुन्हा भेटतात. राज कपूरच्या ‘आवारा’ आणि ‘श्री ४२०’चे जी. जी. मयेकर. गुरुदत्तच्या ‘प्यासा’ आणि ‘कागज के फूल’चे वाय. जी. चव्हाण. शांतारामबापूंच्या ‘दो आँखें बारह हाथ’चे चिंतामणी बोरकर. हे सारे पडद्यामागचे कसबी लोक. परळ-दादरच्या परिसरात गिरण्या होत्या तसे स्टुडिओही होते, आणि हाताच्या कामाला तिथे मान होता. पैसा आणि प्रसिद्धी मात्र कॅमेऱ्यासमोरच्यांसाठी राखलेली. शिंदे याच परंपरेतले.

त्यांची कारकीर्द प्रामुख्याने सिप्पी फिल्म्सशी जोडली गेली. रमेश सिप्पी दिग्दर्शित ‘सीता और गीता’ (१९७२), ‘शोले’ (१९७५), ‘शान’ (१९८०), ‘शक्ती’ (१९८२) आणि ‘सागर’ (१९८५) हे सर्व चित्रपट त्यांनी संकलित केले. एका दिग्दर्शकाने सलग इतकी वर्षे एकाच माणसावर आपले रीळ सोपवावे, यातच त्या माणसाची पत कळते.

‘सीता और गीता’कडे आपण विनोदी करमणूक म्हणून पाहतो. संकलकाच्या बाजूने पाहिले तर तो कसोटीचा चित्रपट आहे. हेमामालिनी दोन भूमिकांत. संगणकाचा काळ नव्हे, त्यामुळे दोघी एकाच चौकटीत दाखवायच्या तर कॅमेऱ्यातच अर्धी चौकट झाकून दोनदा चित्रण करायचे, नाहीतर पाठमोरी दुसरी मुलगी उभी करायची. असे शॉट महागडे आणि मोजके. उरलेला सगळा भ्रम शॉटच्या जोडणीतून उभा करावा लागतो. एक बहीण डावीकडे पाहते, कट, दुसरी उजवीकडे पाहते. नजरेची रेषा बोटभर चुकली तरी प्रेक्षकाला कळते की समोर कुणीच नाही. चित्रपट पाहताना हे कुणाच्या मनातही येत नाही, आणि संकलकाची पावती तीच.

मग आला ‘शोले’.

चित्रीकरण ३ ऑक्टोबर १९७३ रोजी बंगळूरजवळच्या रामनगर परिसरात सुरू झाले. कला-दिग्दर्शक राम येडेकर यांनी खडकांच्या पायथ्याशी रामगढ हे अख्खे गाव वसवले. छायाचित्रण द्वारका दिवेचा यांचे. काम रेंगाळत गेले आणि दोन वर्षांवर पोहोचले. पनवेलजवळ मुंबई-पुणे लोहमार्गावर टिपलेला आगगाडीवरचा हल्ला सात आठवडे चालला. ठाकूरच्या कुटुंबाचे हत्याकांड टिपायला २३ दिवस लागले. तिन्हीसांजेला जया भादुरी एकेक दिवा मालवते आणि पायरीवर बसलेला अमिताभ माऊथ ऑर्गन वाजवतो, एवढ्याशा प्रसंगासाठी २० दिवस; कारण हवा तसा संधिप्रकाश रोज काही मिनिटेच मिळे.

या सगळ्याचा ढीग शेवटी शिंदे यांच्या टेबलावर येऊन पडला. त्यांच्या निधनानंतर आलेल्या बातम्यांत आकडा दिला होता तो सुमारे तीन लाख फूट फिल्मचा. ३५ मिमीची फिल्म मिनिटाला ९० फूट धावते. म्हणजे तीन लाख फुटांचे सलग दर्शन साडेपंचावन्न तासांचे होईल. त्यातून आधी वीस हजार फूट, मग अठरा हजारांच्या आसपास, असा चित्रपट उतरला. एक फूट ठेवायचा तर सोळा फूट बाजूला सारायचे.

हे काम तेव्हा कसे चाले, हे आज लॅपटॉपवर रील कापणाऱ्यांनी मुद्दाम समजून घ्यावे. प्रयोगशाळेतून रोजच्या चित्रणाची पॉझिटिव्ह प्रत येई, तिला ‘रशेस’ म्हणत. क्लॅपच्या ठोक्याशी चित्र आणि आवाज जुळवायचा. मग मूव्हिओला या यंत्राच्या इवल्याशा पडद्यावर फिल्म पुढे-मागे पळवायची, हव्या त्या चौकटीवर मेणपेन्सिलीने खूण करायची, तिथे फिल्म प्रत्यक्ष कापायची आणि दुसऱ्या तुकड्याला जोडायची. कापलेले तुकडे खुंट्यांवर टांगून ठेवायचे. चार चौकटी जास्त गेल्या असे वाटले तर त्या चार चौकटी, म्हणजे सेकंदाचा सहावा भाग, त्या जंगलातून हुडकून परत जोडायच्या. सगळे मनाजोगते झाले की कडेला छापलेल्या क्रमांकांवरून मूळ निगेटिव्ह कापली जाई. ती कात्री एकदा चालली की माघार नाही. तीन लाख फुटांतला कुठला शॉट कुठल्या खुंटीवर आहे, हे लक्षात ठेवायला संकलकाची स्मरणशक्ती आणि सहायकाची वही, एवढीच साधने होती.

‘शोले’ची रचना सरळ नाही. कथा वर्तमानात चालते आणि अधूनमधून भूतकाळात जाते. सुरुवातीच्या आगगाडीच्या पूर्वकथेत ठाकूरला हात आहेत, तो बंदूक चालवतो. वर्तमानातला ठाकूर कायम शाल पांघरून असतो. होळीच्या दिवशी गब्बर चाल करून येतो, बंदूक ठाकूरच्या पायाशी पडलेली असते आणि तो ती उचलत नाही. जय-वीरू चिडतात, प्रेक्षकही चिडतो. मग दुसरी पूर्वकथा सुरू होते. तिच्या शेवटी गब्बर दोन तलवारी उगारतो आणि त्या खाली येतात तोच कट. आपण वर्तमानात असतो, वाऱ्याने शाल उडते, आणि आतल्या बाह्या रिकाम्या दिसतात.

या मांडणीचे श्रेय पटकथाकारांचे आहे, ते त्यांच्याकडून काढून घेण्याचे कारण नाही. पण रहस्य कागदावर राखणे वेगळे आणि पडद्यावर राखणे वेगळे. त्याआधीच्या तास-दीड तासात ठाकूरचा एकही शॉट असा राहता कामा नये की ज्यात शाल चुकीच्या जागी हलली आहे. आणि तलवार ते शाल या उडीत एकही चौकट जास्तीची असती तर घाव दिसला असता, एक कमी असती तर घावाची जाणीव झाली नसती. इथे रक्ताचा थेंब नाही. तरीही ‘शोले’मध्ये हात तोडताना पाहिल्याचे लोक शपथेवर सांगतात.

हत्याकांडाचेही तसेच. झोपाळ्याची करकर, एकामागून एक पडणारी माणसे, आणि शेवटी घोड्यावरच्या गब्बरसमोर उभे राहिलेले लहान पोर. बंदुकीचा आवाज होतो आणि पडद्यावर आगगाडी येते. ठाकूर सुटीवर घरी परतला आहे. मूल मेल्याचे आपल्याला आवाजातून कळते, आणि आजोबाला अजून कळायचे आहे हे गाडीतून. मरणाची दोन टोके एका सांध्यात बसवली आहेत.

आता दुसऱ्या कात्रीकडे वळू.

२५ जून १९७५ रोजी देशात आणीबाणी जाहीर झाली. ‘शोले’चे प्रदर्शन ठरले होते १५ ऑगस्टला. मधले सात आठवडे चित्रपटाच्या इतिहासातले विलक्षण आठवडे आहेत. वृत्तपत्रांवर सेन्सॉर बसला होता. गुलजारांच्या ‘आंधी’वर बंदी आली होती. ‘किस्सा कुर्सी का’ची तर पुढे निगेटिव्हच नष्ट करण्यात आली. चित्रपटांना पूर्वपरीक्षण लावणे घटनेला धरून आहे, असा निर्वाळा सर्वोच्च न्यायालयाने १९७० मध्ये ख्वाजा अहमद अब्बास यांच्या खटल्यात आधीच दिला होता. निर्मात्याला दाद मागायला जागा उरली नव्हती.

मंडळाचा मुख्य आक्षेप शेवटावर होता. मूळ चित्रपटात ठाकूर आपल्या खिळेदार जोड्यांनी गब्बरला तुडवतो आणि ठार मारतो. मारल्यावर त्याच्या चेहऱ्यावर विजय नसतो, तो ढसाढसा रडतो. निवृत्त का होईना, पोलीस अधिकाऱ्याने कायदा हातात घ्यावा हे सरकारला नको होते. रमेश सिप्पींनी वाद घातला, पण निष्पन्न काही झाले नाही. संजीव कुमार तेव्हा सोव्हिएत संघात चित्रपट महोत्सवासाठी गेले होते. त्यांना परत बोलावून जुलै १९७५ मध्ये रामनगरला नवा शेवट चित्रित झाला. ठाकूरचा पाय गब्बरवर उगारलेला असतानाच पोलीस येतात, कायद्याची आठवण करून देतात आणि गब्बरला घेऊन जातात.

हा नवा तुकडा जुन्या मारामारीच्या मधोमध शिंदे यांनाच शिवावा लागला. महिन्यांपूर्वी चित्रित झालेला प्रकाश, धूळ, घाम आणि आवेश एकीकडे. घाईघाईने टिपलेले चार मिनिटांचे शहाणपण दुसरीकडे. पन्नास वर्षे प्रेक्षकांनी तो सांधा पाहिला आणि बहुतेकांना तो टोचला नाही. कामगार म्हणून ही त्यांची कमाल. पण शेवट म्हणून तो लंगडाच. ज्या माणसाचे हात गेले, घर गेले, त्याचा राग अडीच-तीन तास वाढवत न्यायचा आणि ऐनवेळी शिट्टी वाजवून थांबवायचा, हे कथेला मानवत नाही. त्या काळी सरकारला मानवत होते.

मात्र दुसऱ्या कात्रीचा हिशेब इतका सरळ नाही, आणि या धाग्याची गाठ इथेच आहे. मंडळाने इमामाच्या मुलाच्या, अहमदच्या, खुनावरही हरकत घेतली. ही भूमिका सचिन पिळगांवकर यांची. तो प्रसंग टिपायला १९ दिवस खर्ची पडले होते. सगळे चित्रण बाद झाले. उरले काय? खडकावर पहुडलेला गब्बर. त्याच्या हातावर चढणारा मुंगळा. गब्बर त्याच्याकडे पाहतो, एक थाप मारतो. कट. घोडा अहमदचे प्रेत घेऊन गावात येतो.

हा हिंदी चित्रपटातला सर्वांत क्रूर कट म्हणावा लागेल, आणि त्यात मेलेला दिसतो तो फक्त मुंगळा. खून दाखवला असता तर गब्बर आणखी एक खलनायक ठरला असता. खून न दाखवल्याने तो माणसाला मुंगळ्याच्या मोलाने मोजणारा ठरला. म्हणजे शासनाच्या एका सक्तीने चित्रपट अधू झाला आणि त्याच शासनाच्या दुसऱ्या सक्तीतून त्याला सर्वांत टोकदार क्षण मिळाला. सेन्सॉरशिपची बाजू घेणाऱ्यांना हे उदाहरण आवडेल. त्यांनी एवढे ध्यानात ठेवावे की मंडळाने ‘हे काढा’ एवढेच सांगितले होते; काढल्यावर उरलेल्या भगदाडातून अर्थ निर्माण करण्याचे काम टेबलावरच्या माणसाने केले. मुंगळा मंडळाने सुचवलेला नव्हता.

तिसरी एक कात्री चालता चालता राहिली, तिचाही उल्लेख करायला हवा. प्रदर्शनानंतरच्या पहिल्या दिवसांत चित्रपट पडला असे व्यापारी वर्तुळात बोलले जाऊ लागले. जय मरतो म्हणून लोक नाराज आहेत, त्याला जिवंत ठेवणारा शेवट चित्रित करावा, असा विचार निर्मात्यांच्या बैठकीत गंभीरपणे झाला. थोडे थांबून पाहू असे ठरले, आणि थांबल्याने जय मेला तो मेलाच. मुंबईच्या मिनर्व्हा थिएटरात ‘शोले’ पुढे पाच वर्षे चालला.

त्या यशाचा एक पुरावा मोठा गमतीचा आहे. पॉलिडॉर कंपनीने ‘शोले’च्या संवादांची ध्वनिमुद्रिका काढली आणि ती गाण्यांच्या तबकड्यांसारखी खपली. गणपतीच्या मांडवांत आणि लग्नांच्या लाउडस्पीकरवर गब्बर वाजू लागला. लोकांना पाठ झाले ते नुसते शब्द नव्हेत. त्यांच्यामधले विराम, खडकावर घासणारा पट्टा, हसण्यापूर्वीची शांतता, हेही पाठ झाले. आजही कुणी गब्बरची नक्कल करतो तेव्हा तो अमजद खानच्या आवाजाबरोबर तो थांबाही घेतो. किती थांबायचे याचा निर्णय पटकथेत लिहिलेला नसतो. अभिनेता थांबतो, आणि त्या थांब्यातले किती ठेवायचे हे टेबलावर ठरते. पडदा नसतानाही देशाने शिंदे यांचे संकलन कानांनी ऐकले, असे म्हटले तर फारशी अतिशयोक्ती होणार नाही.

आणि मग प्रतीचा प्रवास. मुंबई-पुण्याच्या मोठ्या थिएटरांतून फिरून प्रत जिल्ह्याला येई, तिथून शाहूवाडीतल्या मलकापूरसारख्या बाजाराच्या गावांपर्यंत पत्र्याच्या पेट्यांतून पोहोचेतो ती शेकडो खेळ करून थकलेली असे. फिल्म तुटली की यंत्रचालक फाटलेल्या चौकटी कापून उरलेली टोके जोडी. प्रत्येक जोडात चार-सहा चौकटी जात. खेड्यातल्या प्रेक्षकाने पाहिलेला चित्रपट त्यामुळे शहरातल्याहून थोडा आखूड आणि थोडा उड्या मारणारा असे. ज्याच्या एका चौकटीसाठी कुणी रात्र जागवली होती, तो सांधा ब्लेडच्या एका फटक्यात निघून जाई. यंत्रचालकाचाही त्यात दोष नसे, खेळ पुढे चालू ठेवायचा असे.

शिंदे ‘सागर’नंतरच्या काळात हळूहळू दृष्टीआड झाले. नव्वदीच्या दशकात संगणकावरचे संकलन आले. मूव्हिओला, मेणपेन्सिल आणि खुंट्या यांच्याबरोबर एक संपूर्ण हस्तव्यवसाय संपला. नायकाला जुन्या चित्रपटांच्या जोरावर जाहिराती मिळतात, संगीतकाराला मानधनाचा वाटा मागता येतो. संकलकाला काम संपले की हिशेब संपला. ‘शोले’ पुन्हा पुन्हा प्रदर्शित झाला, कॅसेटवर आला, दूरचित्रवाणीवर आला, २०१४ मध्ये त्रिमितीतही आला. त्या प्रत्येक फेरीतून पैसा निर्माण झाला. ज्याने तीन लाख फुटांतून तो चित्रपट बाहेर काढला, त्याचा त्यात वाटा असावा अशी तरतूद कोणत्याही करारात करण्याची रीतच नव्हती.

वृत्तपत्रांना त्यांची आठवण झाली ती अखेरच्या वर्षांत, आणि तीही त्यांच्या हलाखीची बातमी म्हणून. ‘शोले’चा संकलक धारावीतल्या एका लहानशा खोलीत दिवस काढतो आहे, असे छापून आले. २८ सप्टेंबर २०१२ रोजी वयाच्या ८३ व्या वर्षी मुंबईत त्यांचे निधन झाले. बहुतेक मृत्युलेखांचा मथळा ‘शोले’ या शब्दानेच सुरू होत होता.

कापून टाकलेला शेवट मात्र पूर्ण मेला नव्हता. १९९० मध्ये ब्रिटनमध्ये निघालेल्या व्हीएचएस कॅसेटवर तो पहिल्यांदा बाहेर आला. चित्र धूसर, तरी उत्सुकांनी ती कॅसेट हातोहात फिरवली. पुढे २०४ मिनिटांची आवृत्ती डीव्हीडीवर मिळू लागली. पण मोठ्या पडद्यावर दाखवावी अशी प्रत कुठेच नव्हती. मूळ निगेटिव्ह बिघडलेली, आणि ज्या ७० मिमीच्या भव्यतेची जाहिरात झाली होती त्या ७० मिमीची एकही प्रत शिल्लक नाही. आपल्या देशात जुन्या फिल्मची अवस्था काय होते हे ठाऊक असणाऱ्यांना याचे नवल वाटणार नाही. महाराष्ट्र फिल्म कंपनीच्या मूकपटांतले तर जवळपास सगळेच काळाने गिळले. ‘सैरंध्री’तला कीचकवध कसा होता हे आता कुणालाच पाहता येणार नाही, कापलेलाही आणि न कापलेलाही.

‘शोले’चे नशीब बरे. शिवेंद्रसिंह डुंगरपूर यांच्या फिल्म हेरिटेज फाउंडेशनने सिप्पी फिल्म्सच्या साथीने शोध घेतला, तेव्हा लंडनच्या एका गोदामात चित्रपटाची जुनी मध्यवर्ती रिळे सापडली. इटलीतल्या बोलोन्याच्या प्रयोगशाळेत जवळपास तीन वर्षे काम चालले. २७ जून २०२५ रोजी त्याच शहराच्या मोठ्या चौकात, उघड्या आकाशाखाली, मूळ शेवटासह ‘शोले’ दाखवला गेला. आणीबाणीच्या घोषणेला तेव्हा पन्नास वर्षे आणि दोन दिवस झाले होते. ही जुळणी कुणी ठरवून साधली नसावी. डिसेंबरमध्ये तीच आवृत्ती भारतातल्या थिएटरांतही आली.

त्या आवृत्तीत ठाकूर गब्बरला मारतो आणि रडतो. अहमदचा खूनही परत आला आहे, त्यामुळे मुंगळ्याचा तो कट आता पूर्वीसारखा एकटा उभा नाही. कोणता ‘शोले’ खरा, यावर आता वाद घालता येईल, आणि तरुण अभ्यासकांनी तो जरूर घालावा. दोन्ही आवृत्त्या शेजारी ठेवून शॉट मोजत पाहण्याची सोय पहिल्यांदाच झाली आहे. मंडळाने काढलेला शेवट जोडला गेला तेव्हा शिंदे सेहेचाळिशीच्या आसपास होते. तो बोलोन्याच्या चौकात उमटला तेव्हा त्यांना जाऊन पावणेतेरा वर्षे झाली होती.